‘शाब्बास’चा तक्ता: निपाणी भागातल्या एका वाचन-तासाचं प्रकरण

हे प्रकरण निपाणी तालुक्यातल्या एका गावचं आहे. गावाचं नाव देत नाही, माणसांचीही देत नाही. का, ते पुढे कळेलच. सीमाभागात मुलांना चित्रपुस्तकं वाचून दाखवण्याचं काम जे कुणी करतात, त्यांच्यासमोर असा प्रसंग कधी ना कधी येणार, म्हणून तपशिलात मांडलं आहे.

गाव, विडी आणि पुस्तकांचं कपाट

गाव वेदगंगेच्या बाजूचं. शिवारात ऊस आणि तंबाखू. बरीच पुरुषमाणसं कागल नाहीतर गोकुळ शिरगावच्या कारखान्यांत. सकाळी कोगनोळीचा टोलनाका ओलांडून महाराष्ट्रात कामाला, रात्री झोपायला कर्नाटकात. बायका घरी विड्या वळतात. निपाणीचं नाव लांबवर पोचलं ते १९८१ च्या तंबाखू आंदोलनामुळे, पण ते शेतकऱ्यांचं होतं. विडीचं काम घराघरांतल्या सोप्यात, म्हणजे पुढच्या ओसरीत, चालतं. कात्री सोडली तर त्याचा आवाजही बाहेर येत नाही.

या कामाची रीत माहीत नसेल तर पुढचं नीट उमगणार नाही. तंबाखू आणि तेंदूची पानं मालकाकडून किंवा मधल्या माणसाकडून वजनावर मिळतात. पानं आधी भिजवायची, मग मापानं कापायची, मांडीवर सूप घेऊन तंबाखू भरून वळायची, दोऱ्यानं बांधायची, तोंडं दुमडायची. मजुरी हजारावर, म्हणजे हजार विड्यांमागे ठरलेली. खराब म्हणून बाजूला काढलेल्या विड्या हिशेबात धरत नाहीत. हिशेब हजारावर असला की घरातला रिकामा हात डोळ्यांवर येतो, आणि दोरा बांधायला, तोंडं दुमडायला लहान बोटं चालतात. १९८६ च्या बालमजुरी कायद्यानं ज्या कामांत मुलांना मनाई केली, त्या यादीत विडीचं काम सुरुवातीपासून आहे. कायद्याचं साल आयांना ठाऊक नसेल. ‘कुणी आलं तर पोरं सुपाजवळ दिसू नयेत’ एवढं मात्र पक्कं ठाऊक असतं.

दुसरीकडे, विडी कामगाराचं ओळखपत्र ही घरातली मोलाची चीज. त्या कार्डावर केंद्राच्या कामगार कल्याण योजनेतून मुलांना शिष्यवृत्ती मिळते. रेशनकार्ड, आधार आणि हे कार्ड एकाच प्लॅस्टिकच्या पिशवीत, ट्रंकेच्या तळाशी.

गावात मराठी शाळा आहे, कन्नडही आहे. कर्नाटकच्या २०१५ च्या कायद्यानुसार कन्नड सगळ्याच शाळांत शिकावी लागते, त्यामुळे मराठी शाळेतल्या मुलांनाही दोन्ही लिप्या ओळखीच्या असतात, एक घरच्यासारखी, एक शेजारच्यासारखी. ग्रामपंचायतीचं वाचनालय आहे. २०१९ मध्ये कर्नाटकातली ग्रामीण वाचनालयं ग्रामविकास व पंचायत राज खात्याकडे आली, नंतर मुलांच्या वाचनासाठी ‘ओदुव बेळकु’ (वाचनाचा प्रकाश) हा उपक्रम निघाला, आणि पाटीवर आता ‘अरिवु केंद्र’ (ज्ञान केंद्र) असं लिहिलेलं असतं. कपाटात अर्थातच कन्नड पुस्तकं जास्त. मराठीचा एक कप्पा. त्यात नॅशनल बुक ट्रस्टची काही, प्रथम बुक्सची काही, पुण्याच्या प्रकाशकांची दोन-चार सुंदर चित्रपुस्तकं, आणि उरलेली सगळी देणगीत आलेली ‘संस्कार’ संचातली. देणगी देणाऱ्यांना संस्कार फार आवडतात. स्वस्त पडतात आणि कव्हरवर हसणारं मूल असतं.

शनिवारी दुपारी एक कॉलेजातली मुलगी इथे मुलांना वाचून दाखवायची. मुलं तिला ताई म्हणत. आमच्या गटातल्या एक निवृत्त शिक्षिका अधूनमधून जायच्या. बाकी आम्ही पुस्तकं पुरवायची आणि महिन्यातून एकदा बसून चर्चा करायची, असा बेत.

तक्ता

त्या शनिवारी संचातलं एक पुस्तक वाचलं गेलं. गोष्ट नेहमीची. शहरातला फ्लॅट, गॅलरीत कुंड्या, एक मुलगा, आई, बाबा. मुलगा खेळणी पसरतो, आई दमते, मुलगा तिला ताटं मांडायला मदत करतो. आई त्याची पापी घेते. शेवटच्या पानावर ठळक अक्षरांत: ‘आईला कामात मदत करावी.’

ताईनं पुस्तक मिटलं आणि जे कुणीही विचारेल तेच विचारलं. “तुम्ही आईला काय काय मदत करता?”

हात वर झाले. पाणी भरतो. भांडी घासतो. शेरडं सोडतो. धाकट्याला घेतो. तिसरीतली एक मुलगी, जिला घरात आणि गावात सगळे थोरलीच म्हणतात, म्हणाली, “मी दोरा बांधतो.” कसला दोरा? “विडीला.” मग चार-पाच जणींनी एकदम सूर लावला, “आमी बी बांधतोय की!” एकीनं दोन बोटांत दोरा धरून गाठ कशी मारायची ते हवेत करून दाखवलं. ताई खूश. बोलणारी मुलं कुणाला नको असतात? तिनं कार्डशीट घेतलं, ‘मी आईला मदत करते/करतो’ असा मथळा घातला, खाली नावं, नावापुढे काम, कामापुढे लाल पेननं ‘शाब्बास’. भिंतीवर लावून ती बसनं घरी गेली.

तक्ता दोन दिवस तिथे होता. मग एका खात्यातले कुणीतरी पाहणीला आले, त्यांनी तो वाचला आणि ‘हे कुणी लावलं, आत्ताच्या आत्ता काढा’ म्हणाले. झालं ते एवढंच. कारवाई नाही, कागद नाही. पण गावात संध्याकाळपर्यंत बातमी पोचली ती अशी: वाचनालयात विडीवाल्या पोरांची यादी केली आहे, आणि ती साहेब घेऊन गेले.

पुढच्या शनिवारी थोरली आली नाही. बाकीच्याही बऱ्याच मुली आल्या नाहीत. जी मुलं आली ती ताईच्या प्रश्नांना ‘काय न्हाई’ म्हणायला लागली. काल काय केलं? काय न्हाई. जेवायला काय होतं? काय न्हाई.

सोप्यात

ताई आणि निवृत्त शिक्षिका थोरलीच्या घरी गेल्या. वही नेली नाही, मोबाइल पिशवीतच ठेवला, हे बाईंनी आधीच बजावलं होतं. सोबत एक पुस्तक होतं, आजी आणि नातीचं, पानाला एक-दोन ओळींचं.

आई सुपावर होती. सूप खाली ठेवून उठायला लागली तर बाईंनी बसवलं. हात थांबले नाहीत. डाव्या तळव्यावर पान, चिमूटभर तंबाखू, अंगठा आणि तर्जनीची एक फिरकी, दोऱ्याचे दोन वेढे, टोकाला नखाचा दाब. पाळण्यात धाकटा झोपलेला, पाळणा सुपापासून हातभर लांब. मधली चौकटीत उभी. थोरली आतून बाहेर आलीच नाही.

“ताई, आमचं नाव कुटं लिवून घेतलंय काय?” हा पहिला प्रश्न. “कारड जाईल म्हणत्यात.”

नाव कुठे गेलेलं नाही, तक्ता फाडून टाकला, हे सांगितलं. पटलं की नाही कळलं नाही. मग ती जे बोलली ते बाईंनी घरी येऊन जसंच्या तसं लिहून ठेवलं: “मी काय पोरीला बसवत न्हाई. शाळंत पाठवतो. सांच्याला जरा हात लावती. तुमच्या पुस्तकातच हाय न्हवं, आईला मदत करावी म्हणून? तीच घरी येऊन सांगिटली, शाब्बास मिळालं म्हणून. आन मग यादी काढली म्हणताय.”

याला उत्तर नव्हतं. तिचं म्हणणं सरळ होतं: पुस्तकानं सांगितलं तेच पोरीनं केलं, ताईनं शाब्बासकी दिली, आणि मग त्याच शाब्बासकीवर बोट ठेवलं गेलं.

बाईंनी मग सोबतचं पुस्तक काढलं आणि जुनं, फ्लॅटवालंही. आईनं हात न थांबवता चित्रं पाहिली. फ्लॅटातल्या बाईकडे बघून म्हणाली, “हिला काय काम हाय? एका पोराचं ताट मांडायचं.” कोपऱ्यात बसलेल्या आज्जीनं खुर्चीत पेपर वाचणाऱ्या बाबांवर बोट ठेवलं. “बा बसलाय तेवढं मात्र बरोबर काढलंय.” सोप्यात हसू फुटलं आणि त्या हशात थोरली दारापर्यंत आली.

कुठे बिनसलं

गटाच्या बैठकीत पहिला सूर असा होता की पुस्तक शहरी होतं, म्हणून बिनसलं. गावाकडचं घर दाखवणारी पुस्तकं आणू या. मला हे अर्धंच पटतं. पुस्तक शहरी होतं म्हणूनच तर मुलं इतका वेळ शांत बसून ऐकत होती. परकं घर बघायला कुणाला आवडत नाही? गॅलरी, कुंड्या, खुर्चीतला बाबा, हे सगळं त्यांना भाऊबीजेला मामाच्या नव्या घरी गेल्यासारखं वाटत होतं.

बिनसलं ते पुस्तक मिटल्यावर. चित्रपुस्तकातलं कुटुंब दुसऱ्याचं असतं, हीच त्याची मोठी सोय. त्या आईबद्दल, त्या बाबाबद्दल मूल हवं ते बोलू शकतं. ती आई चिडकी आहे, तो बा आळशी आहे, त्या पोराचं लाडच फार. असं बोलताना ते स्वतःच्या घराबद्दल बोलत असतं, पण घराचं नाव घ्यावं लागत नाही. ‘तुमच्या घरी काय?’ हा प्रश्न आला की तो आडपडदा बाजूला होतो. मग मुलाला दोनच वाटा: खोटं बोलणं किंवा घर उघडं करणं. थोरलीनं खरं सांगितलं.

आणखी एक गोष्ट आहे, ती मला जास्त खुपते. रोजच्या वागण्याचे धडे देणारी बहुतेक पुस्तकं ज्या मुलासाठी लिहिलेली असतात, त्याच्याकडे खेळणी भरपूर, काम शून्य. त्याला ‘मदत कर’, ‘वाटून खा’, ‘धाकट्याला सांभाळ’ हे सांगणं ठीक. थोरली हे सगळं कधीपासून करते आहे. धाकटा जन्मला त्या दिवशी तिचं बालपण निम्मं झालं. तिला हे धडे पुन्हा वाचून दाखवणं म्हणजे दिवसभर काम केलेल्या माणसाला संध्याकाळी कामाचं महत्त्व पटवून देणं. पुस्तकानं तिला काही द्यायचंच असेल तर तिचं करणं कुणाच्या तरी लक्षात आलंय, एवढं दिलं तरी पुरे.

‘शाब्बास’ मध्येही तेच. ताईच्या लाल पेनातली माया खरी होती. पण एक काम मुलीच्या वाट्याला आलं, ते तिनं निवडलेलं नव्हतं, आणि त्यावर बक्षीस ठेवलं की ते काम पक्कं होतं.

मतभेद

कायद्याचा प्रश्न बैठकीत येणार होताच. गटातल्या एका सदस्यानं स्पष्ट मांडलं: विडी हे मुलांना मनाई असलेलं काम आहे, तंबाखूची धूळ पाळण्यापर्यंत जाते, आपल्याला कळलं आहे तर १०९८ ला, मुलांच्या मदतवाहिनीला, फोन करणं आपलं कर्तव्य. दुसरे म्हणाले, फोन केला तर गावातलं एकही मूल पुन्हा वाचनालयाची पायरी चढणार नाही, आणि घरातली मजुरी हजारावर आहे तोवर मुलींचे हात सुपावरून उठणारही नाहीत. दोघांचंही खरं होतं.

शेवटी ठरलं ते सगळ्यांना पूर्ण मान्य नव्हतं. मूल शाळा बुडवून या कामाला बसतंय असं दिसलं तर मुख्याध्यापकांशी बोलायचं, तिथे दाद लागली नाही तर १०९८. शाळा सुरू असेल तर वाचन-ताशी हा विषय आपण काढायचा नाही, कामाला शाबासकी द्यायची नाही, मुलानं काढला तर ऐकून घ्यायचं, भिंतीवर काही लावायचं नाही. पाळणा आणि सूप यांतलं अंतर हा विषय अंगणवाडीताईंनी सगळ्या आयांसमोर एकदमच काढला, कुणाच्या घराचं नाव न घेता. कार्डाबद्दल मात्र स्वच्छ माहिती सांगितली: मुलानं वाचनालयात काही बोललं म्हणून कुणाचं कार्ड रद्द होत नाही. हे तीन-तीनदा सांगावं लागलं.

वाचनात केलेले बदल

पहिला बदल अगदी किरकोळ. संचातल्या पुस्तकांच्या शेवटच्या पानावरची ठळक ओळ कागदाची पट्टी चिकटवून झाकली. गोष्ट पापीपाशी संपायला लागली. गंमत अशी की मुलं आता पानं मागे उलटून बघायला लागली. पट्टीखाली काय असेल यावर पैजा. ‘आई झोपली’ असं असेल, कुणी म्हणालं. ‘बा उठला’, दुसरं. मूळ ओळीपेक्षा दोन्ही बरी.

दुसरा बदल प्रश्नांत. घराबद्दल विचारायचं नाही, चित्राबद्दल विचारायचं. या पानावर कोण बसलंय, कोण उभं आहे? कुणाकडे कुणीच बघत नाही? हे घर संपूर्ण दाखवलंय की काही राहिलंय? चित्रात काय नाही, हे मुलं मोठ्यांपेक्षा लवकर ओळखतात. फ्लॅटच्या पुस्तकात संडास दाखवलेला नाही हे आमच्यापैकी एकाच्याही ध्यानात आलं नव्हतं.

तिसरा बदल म्हणजे मुलांनी स्वतः पुस्तक करणं. इथे आधी एक शंका होती: स्वतःचं घर काढा म्हटलं की पुन्हा तोच तक्ता. म्हणून माणसांचं घर नाही असं ठरलं आणि मुलांनी मांजरीचं निवडलं, कारण वाचनालयाच्या मागे खरीच मांजर व्याली होती. मोठा कागद दुमडून आठ पानं. वर मराठी ओळ, खाली कन्नड. कन्नड ओळी कन्नड शाळेच्या मोठ्या मुलींनी घातल्या. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावरची पुस्तकं २०१५ पासून खुल्या परवान्यावर मिळतात, भाषांतर करायला आणि छापायला मोकळीक आहे. त्यांतली काही दोन भाषांत एकाच पानावर छापून घेतली, म्हणजे मुलांना मांडणीचा नमुना मिळाला. निपाणीत झेरॉक्स काढून स्टेपल मारले. पानखुणा म्हणून मुलांनी आयांच्या बसची शून्य रकमेची तिकिटं वापरली. कर्नाटकात बायकांना सरकारी बस फुकट झाली, तेव्हापासून, म्हणजे २०२३ पासून, ती घराघरांत पडलेली असतात.

मांजरीच्या घरात बोका नव्हता. तो कागलला कामाला गेला होता. मांजर रात्रभर उंदरांमागे. सगळ्यात मोठं पिल्लू बाकीच्यांना चाटत बसायचं. कुणी सांगितलं नव्हतं, पण ते पिल्लू थोरलीनंच काढायला घेतलं. तिच्या पानावर बाकी पिल्लं एका टोकाला ढकललेली, मोठं पिल्लू मधोमध आडवं, चारही पाय पसरून. ओळ: ‘आज थोरली झोपली.’ ताईनं काही विचारलं नाही. आज्जीनं ते पान बघून म्हटलं म्हणे, “झोपू दे की गं.”

काय झालं, काय राहिलं

मुली हळूहळू परत आल्या, सगळ्या नाही. दोघी-तिघींच्या घरी अजूनही शनिवारी ‘काम हाय’ असतं. थोरली येते, धाकट्याला काखेत घेऊन येते, आणि धाकटा पुस्तकाची कोपरं चघळतो. त्यासाठी जाड पुठ्ठ्याची दोन पुस्तकं वेगळी ठेवली आहेत. तिचं दोरा बांधणं थांबलं का? विचारलेलं नाही, आणि ठरल्याप्रमाणे विचारणारही नाही. यावर गटातल्या त्या सदस्याचं मत बदललेलं नाही, आणि बदलावं असं मला वाटतही नाही. निदान एक माणूस तरी दर बैठकीत धुळीचं नाव काढतो.

पुस्तकांच्या निवडीत फरक पडला. देणगीचे संच आता ‘नको’ म्हणायला शिकलो. ते अवघड जातं, कारण देणारा शेजारचाच असतो. नवीन घेताना शेवटचं पान आधी बघतो. तिथे हुकूम असेल तर चित्रं कितीही देखणी असली तरी विचार करतो. आणि कोण बसलंय, कोण उभं आहे, हे चाळतो. बाबा भाकरी थापतोय असं एक पुस्तक मिळालं, ते वाचताना मुलांना इतकं हसू आलं की पुढची पानं ऐकूच आली नाहीत. तरी ते ठेवलं आहे.

सध्या गाडं एका चित्रावर अडलं आहे. विडी वळणाऱ्या आईचं एक नीट चित्रपुस्तक करावं, असं मुलांच्या आयांनीच सुचवलं. तुमच्या पुस्तकात ऊसवाला हाय, पोस्टमन हाय, आमी कुटं हाय? कोल्हापूरच्या एका चित्रकारानं कच्ची रेखाटनंही करून दिली आहेत. सूप, कात्री, पाळणा, सगळं जागच्या जागी. मुलगी कुठे बसवायची, हे ठरत नाही. आईशेजारी, हातात दोरा, असं दाखवलं तर ते खरं. पण मग वाचनालयाच्या कपाटात पुन्हा तोच तक्ता लागतो, या वेळी रंगीत. बाहेर पायरीवर पुस्तक घेऊन बसवली तर आया म्हणतात, ही कुणाची पोर? चित्रकारानं दोन्ही पानं पाठवली आहेत आणि पुढच्या बैठकीपर्यंत सांगा म्हणाला आहे.